टाळी क्रमांक सात

इरावती शाळिग्रामला ते पत्र आलं तेव्हा ती गाजराची कोशिंबीर करत होती. पत्र वाचून झालं आणि तिने कोशिंबिरीत मीठ दुसऱ्यांदा घातलं. जेवताना नवरा नुसतं पाणी पीत राहिला. माणूस समजूतदार होता.

पत्र ध्वनिसंमती मंडळाचं होतं आणि अशी पत्रं असतात तितकंच कोरडं होतं. ‘आपल्या ध्वनिसंचातील नमुना क्रमांक सात, टाळी, हा आवाज दोन हयात स्त्रियांच्या हातांनी निर्माण झालेला आहे. दोघींपैकी एकीचीही संमती आमच्या दप्तरी नाही. दोघींनी तीस नोव्हेंबरपर्यंत एकत्र, समक्ष येऊन संमती न नोंदवल्यास सदर आवाज जगभरातील चार लाख बारा हजार रचनांमधून वगळण्यात येईल.’

त्या दिवशी एकवीस नोव्हेंबर होती. साल दोन हजार एक्केचाळीस.

ज्यांचा नाचाच्या संगीताशी संबंध वरातीपुरता येतो त्यांच्यासाठी इथे थोडं थांबायला हवं. इलेक्ट्रॉनिक नाचगाणी करणारा माणूस प्रत्येक आवाज स्वतः वाजवत बसत नाही. ढोलाचा एक ठोका, झांजेचा एक तुकडा, एक टाळी असे सुटे आवाज कुणीतरी आधीच नोंदवून ठेवलेले असतात आणि त्यांचा संच तयार मिळतो. त्याला सॅम्पल पॅक म्हणतात. आपण गोडा मसाला दुकानातून आणतो, तसंच हे. भाजणं-कुटणं दुसऱ्याने केलेलं असतं, आमटी आपली. फक्त होतं काय, की एखादा मसाला फार आवडला तर गावभर आमटीला तोच वास येऊ लागतो. कुण्या एका खोलीत कुणीतरी एकदा मारलेला ठोका चांगला निघाला, की तो पुढची तीस वर्षं सगळ्या खंडांवर वाजतो आणि वाजवणाऱ्याचं नाव कुणालाही माहीत नसतं.

इराने सतराव्या वर्षी, साताऱ्यात, बारावीचा अभ्यास सोडून असाच एक संच केला होता. त्याला तिने नाव दिलं ‘मिसळणाचा डबा’. त्यात कुकरची शिट्टी होती, गच्चीच्या लोखंडी जिन्याची दणदण होती, कंदी पेढ्यांच्या खोक्याची दोरी तटकन तुटते तो आवाज होता. असे एकशे बारा आवाज तिने इंटरनेटवर ठेवले आणि सांगितलं, घ्या, हवे तसे वापरा. तिला वाटलं होतं, दहावीस जण घेतील.

बाकीचे एकशे अकरा आवाज खरोखरच दहावीस जणांनी घेतले. टाळी क्रमांक सात मात्र सुटली ती सुटलीच. नाचाच्या गाण्यात दर दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेला टाळी पडते, त्यामुळे टाळी ही तिथली मिठासारखी गोष्ट. आधी लिस्बनमधल्या एका मुलाने ती घेतली, मग जोहान्सबर्गच्या दोघींनी, मग सोलच्या कुणीतरी, आणि पाच वर्षांत अशी वेळ आली की जगात कुठेही माणसं नाचत असली तर ती बहुधा साताऱ्याच्या टाळीवर नाचत होती. इराचं नाव झालं. तिला पुण्यात काम मिळालं, मग परदेशात मिळालं, आणि शेवटी ती साताऱ्यातच परत येऊन स्वतःचा स्टुडिओ थाटून बसली. मुलाखतींमध्ये तिला हमखास विचारत, ती टाळी कुणाची? इरा हसून सांगायची, ‘तेवढं गुपित राहू द्या.’

गुपित कसलं, तिला लाज वाटत होती.

मग ‘उगम’ नावाचं यंत्र आलं. त्यामागचं शास्त्र तसं साधं आहे. आपण टाळी वाजवतो तेव्हा नाद कातडीतून येत नाही, दोन तळव्यांमध्ये कोंडलेल्या हवेतून येतो. बाटलीच्या तोंडावर फुंकर घातली की बाटली जशी घुमते, तशी ती हवा अंगठ्याजवळच्या फटीतून निसटताना घुमते. प्रत्येकाच्या तळव्याचा खळगा वेगळा, फट वेगळी, कातडीचा मऊपणा वेगळा, म्हणून टाळीही वेगळी. शिवाय कुठल्याही ध्वनिमुद्रणात विजेच्या तारांची बारीक गुणगुण शिरलेली असते. ती सेकंदाला पन्नास कंपनांची असली तरी क्षणाक्षणाला किंचित कमीजास्त होते, आणि त्या चढउतारांची नोंद वीजकेंद्रांकडे वर्षानुवर्षं जपलेली असते. दोन्हींचा मेळ घातला की आवाज कधीचा, कुठला, कसल्या हातांचा, हे सांगता येतं. गायक-वादकांचे आवाज यंत्रं चोरून बनवू लागली, तेव्हा जगभरच्या वादकांनी भांडून एक कायदा करून घेतला : जिवंत माणसाने केलेला आवाज त्याच्या संमतीशिवाय वाजणार नाही. कायदा चांगलाच होता. इराने स्वतः त्याच्या मागणीपत्रावर सही केली होती, हौसेने.

पत्रासोबत उगमचा अहवाल होता. ‘दोन उजवे हात. एकमेकांवर. दोन्ही स्त्रिया, वय अंदाजे पंचेचाळीस आणि चाळीस. लाकडी फळ्यांचं व्यासपीठ. सातारा. चौदा ऑगस्ट दोन हजार बावीस, रविवार, दुपारी चार वाजून सतरा मिनिटं.’

कोण त्या, हे शोधायला इराला यंत्राची गरज नव्हती. एक तिची आई, शुभदा. दुसरी तिची उल्काकाकू. आणि त्या दिवशी चार वाजून अठरा मिनिटांपासून त्या दोघी एकमेकींशी बोलत नव्हत्या.

*

झालं होतं ते असं. श्रावणातल्या मंगळागौरीच्या खेळांची स्पर्धा होती, सदर बझारच्या महिला मंडळाचा संघ अंतिम फेरीत होता, आणि संघाचा कणा म्हणजे या दोन जावा. झिम्मा त्या दोघींनीच खेळावा. उजवा हात उजव्याला, डावा डाव्याला, पायाला भिंगरी, आणि तोंडाने गाणं चालू. सहा फेऱ्या सुरेख झाल्या. सातव्या फेरीला हात नीट पडले नाहीत. एकीची बोटं दुसरीच्या मनगटाजवळ आपटली, टाळी घसरली आणि परीक्षकांच्या कागदावर ‘तालभंग’ असा शेरा पडला. पहिला नंबर गेला तो गेलाच.

पडद्यामागे शुभदाताई म्हणाल्या, “उल्का, हात कुठे होता तुझा?”

“माझा कुठे होता? तुमचा कुठे होता वहिनी?”

एवढंच. पण काही प्रश्न असे असतात की त्यांचं उत्तर दिलं नाही तर ते घरात मुक्कामाला येतात. दोघी एकाच इमारतीत राहत, एक पहिल्या मजल्यावर, एक दुसऱ्या. चैत्रातल्या हळदीकुंकवाला एकमेकींकडे जायच्या, कुंकू लावायच्या, कैरीची डाळ खायच्या, आणि तोंडातून शब्द न काढता आपापल्या मजल्यावर परतायच्या. दोघींचे नवरे सख्खे भाऊ. ते रोज संध्याकाळी मजेत पत्ते खेळत. एकोणीस वर्षं हे असं चाललं होतं.

आणि सतरा वर्षांची इरा त्याच पडद्यामागे फोनवर सगळं नोंदवत उभी होती. घरी जाऊन तिने ती घसरलेली टाळी कापून वेगळी केली, कारण तिच्या कानाला ती फार आवडली. विचारलं कुणालाच नाही. घरात अबोला धरलेला, तेव्हा विचारणार कोण आणि काय? पुढे ती टाळी जगभर गेली आणि विचारणं आणखीच अवघड होऊन बसलं. ज्या आवाजाने घरातलं बोलणं बंद पडलं त्याच आवाजावर आपलं नाव झालं, हे इराला मनातून खात होतं.

*

“माझी टाळी?” शुभदाताईंनी चष्मा काढला. “माझी कुठली टाळी?”

इराने सगळं सांगितलं. आई रागावेल हे तिने धरलंच होतं, पण आई रागावली नाही, तिचा चेहरा उतरला, आणि ते बघणं जास्त कठीण होतं.

“त्या दिवसाची? ती चुकलेली?” त्या म्हणाल्या. “आमची फजिती झाली ती तू जगाला ऐकवलीस, इरा?”

“आई, मला तेव्हा कळलं नाही. चुकलं माझं. एकोणीस वर्षं मी तुला सांगायला हवं होतं.”

“पुसून टाकतायत ना ते? टाकू देत. बरंच होईल. मी काही कुठे यायची नाही.”

बोलणं तिथेच संपलं. त्या उठून आत गेल्या आणि कपाट आवरायला लागल्या. आई भर दुपारी कपाट आवरायला लागली की पुढचे दोन तास कुणी तिच्या वाटेला जायचं नाही, हे इराला लहानपणापासून ठाऊक होतं.

ती मुकाट्याने खालच्या मजल्यावर गेली. उल्काकाकू झुंबाच्या क्लासहून नुकत्याच आल्या होत्या. अठ्ठावन्न वर्षांच्या, पायात नारिंगी बूट, कपाळावर घाम आणि स्वारी खुशीत. त्यांनी इराचं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “वाजव बघू ती टाळी.”

इराने वाजवली. काकूंनी आधी भुवया वर केल्या, मग तोंडावर हात ठेवला.

“अगं, ही तर आमच्या क्लासात वाजते! रोज! त्या तिसऱ्या गाण्यात, कमरेच्या व्यायामाला! म्हणजे मी इतकी वर्षं त्या झुंबात माझ्याच जावेच्या हातावर कंबर हलवतेय?” त्या खुर्चीत बसून हसत सुटल्या. हसताहसता मध्येच थांबल्या. “पण इरा, एक सांग. हात वहिनींचा वर गेला होता, हे त्या यंत्राला कळतं का? कळत असेल तर लिहून आण. मग येते मी. हवं तर नाचत येते.”

इराने कपाळाला हात लावला. एकीला ती टाळी जगातून पुसायची होती, दुसरीला तिच्यावर निकाल हवा होता, आणि हातात दिवस होते आठ.

*

पुढचे दोन दिवस इराने फोनच घेतले नाहीत. लिस्बनचा मुलगा, जो आता टक्कल पडलेला बाप्या झाला होता, रोज निरोप पाठवत होता : टाळी जाणार का? त्याला काय सांगणार! खरं सांगायचं तर गाण्यांत पडणाऱ्या भोकांची इराला फारशी काळजी नव्हती. भोकं बुजवता येतात. पण ती टाळी म्हणजे आई आणि काकू एकत्र असण्याचा तिच्याजवळ उरलेला शेवटचा आवाज होता. तो पुसला गेला असता तर त्या दोघींमध्ये नुसता एक शेरा उरला असता, ‘तालभंग’. हे तिला सोसवेना.

तिसऱ्या दिवशी ती आईकडे दोन लहान स्पीकर घेऊन गेली. “संमती देऊ नकोस,” ती म्हणाली, “फक्त ऐक.”

तिने एक नाचाचं गाणं लावलं. शुभदाताईंनी निवडत असलेल्या मेथीवरून नजर वर केली नाही. मिनिटभराने इरा म्हणाली, “आता तेच परत, फक्त टाळी वेगळी,” आणि पुन्हा लावलं. मेथी निवडणं चालूच होतं. पण टेबलाखाली आईचा डावा पाय हलायला लागला होता. इराने पुन्हा पहिलं लावलं, पाय थांबला. दुसरं लावलं, पाय हलला.

“पहिल्यात काय बिघडलंय गं?” शेवटी आईनेच विचारलं. “कसं काहीतरी कोरडं वाटतंय.”

“पहिल्यात काहीच बिघडलेलं नाही. ती संगणकाने केलेली टाळी आहे, अगदी बिनचूक. अशा हजारो मिळतात, कुणी विचारत नाही त्यांना. दुसरी तुमची. तुमचे हात घसरले ना, त्यामुळे ती एका जागी पडत नाही. आधी बोटं लागतात आणि अकरा सहस्रांश सेकंदांनी तळवा लागतो. एवढासा काळ कानाला वेगळा कळत नाही, पण अंगाला कळतो. अंगाला वाटतं, कुणीतरी आता येतंय, जरा थांबू या त्याच्यासाठी, आणि तेवढ्यात तो आलेला असतो. त्या वाट बघण्याला लोक नाचतात, आई.”

इराने पडद्यावर तिला माणसं दाखवली. नैरोबीतलं एक अंगण, लग्नाचं. जपानमधला वृद्धाश्रम, खुर्चीत बसून नाचणारे आजी-आजोबा. कुठल्याशा थंड गावात गुडघाभर बर्फात उड्या मारणारी पोरं. सगळीकडे दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेला तीच टाळी.

शुभदाताईंनी मेथी बाजूला ठेवली. बराच वेळ बघत राहिल्या.

“म्हणजे चुकली होती तरी चालली?”

“चुकली होती म्हणूनच चालली.”

शुभदाताईंनी पदराने हात पुसले, जरा ताठ बसल्या आणि शांतपणे म्हणाल्या, “मग एक गोष्ट लक्षात ठेव हं. हात माझाच वर गेला होता. तिचा नव्हता काही.”

इराने हे धावत जाऊन खाली सांगितलं, तर काकूंच्या नाकाला मिरच्या झोंबल्या.

“त्यांचा? एकोणीस वर्षं माझं नाव घेतलं, आणि आता जग नाचायला लागल्यावर चूक त्यांची झाली काय? काही नाही! हात माझा खाली आला होता! कधी जायचंय त्या केंद्रात? उद्याच चला. होऊन जाऊ दे.”

*

साताऱ्याच्या ध्वनिसंमती केंद्रात एक खोली, तीन खुर्च्या आणि श्री. फडतरे होते. फडतरे हे साधारण पंचावन्नचे, भारदस्त मिशांचे गृहस्थ. पूर्वी त्यांचं काम मिरवणुकांमध्ये आवाज मोजण्याचं होतं. ठरलेल्या मर्यादेच्या वर गेला की डीजे बंद करायला लावायचं. वीस वर्षं त्यांनी लोकांचे नाच थांबवले होते आणि त्याबद्दल लोकांचे शिव्याशापही खाल्ले होते.

“बसा ताई,” ते म्हणाले. “हे उगम.” टेबलावर पिठाच्या चाळणीएवढी एक जाळी होती, तिच्यात चौसष्ट मायक्रोफोन. “यंत्राला नुसतं नाव सांगून भागत न्हाई. कुणीबी येऊन म्हणंल, माझाच आवाज. म्हणून तोच आवाज समोर काढून दाखवायचा. जुळला की हिरवा दिवा. प्रयत्न बारा. बारात न्हाई झालं तर पुन्हा सहा म्हैन्यांनी.”

“सहा महिन्यांनी काय उपयोग?” इरा म्हणाली. “मुदत चार दिवसांत संपतेय.”

“म्हणून तर सांगतोय, जपून वापरा.”

“आणि हात म्हातारे झालेत त्याचं काय?” काकूंनी विचारलं.

“वयाचा फरक त्ये धरून चालतंय.”

दोन्ही जावा समोरासमोरच्या खुर्च्यांवर बसल्या. इराने मूळ ध्वनिमुद्रण, त्या दुपारचं सगळं, फडतऱ्यांच्या हवाली केलं. मग शुभदाताईंनी उजवा हात उचलला. उल्काकाकूंनी उचलला. एकोणीस वर्षांनी त्या दोन हातांची गाठ पडली आणि खणखणीत टाळी वाजली.

लाल दिवा.

पुन्हा वाजवली. पुन्हा लाल. तिसरी, चौथी, पाचवी. टाळ्या इतक्या सुंदर पडत होत्या की परीक्षक असते तर त्यांनी उठून पहिलं बक्षीस दिलं असतं, पण यंत्राला सुंदर टाळी नको होती. आता शुभदाताई मुद्दाम हात वर न्यायला लागल्या, काकू मुद्दाम खाली आणायला लागल्या, कारण दोघींनाही आपली चूक सिद्ध करायची होती. ते सोंग यंत्राने तर ओळखलंच, फडतऱ्यांनीही ओळखलं.

“आठ झाले,” ते म्हणाले, आणि पंखा मोठा केला.

इराचा जीव टांगणीला लागला होता. ती खुर्च्यांकडे बघत होती, आणि एकाएकी तिच्या लक्षात आलं.

“आई, काकू, तुम्ही बसून झिम्मा कधी खेळलात? उठा बघू! गाणं म्हणा, फेर धरा!”

“फेराला चौघी तरी लागतात,” काकू म्हणाल्या.

सगळ्यांनी फडतऱ्यांकडे पाहिलं. फडतरे उभे राहिले, खिशातलं पेन काढून टेबलावर ठेवलं आणि म्हणाले, “अख्खा खेळ मिळून एकच प्रयत्न धरतंय यंत्र. माझ्या बहिणींबरोबर लहानपणी खेळलोय मी. घरात सांगू नका कुणाच्या.”

खुर्च्या भिंतीला लागल्या. शुभदाताईंनी गाणं तिथल्या तिथे जुळवलं :

“फडतरे भाऊ मिशा पिळी, आवाज मोजतो हळी हळी,
आज कशाला वाजवी टाळी, सांग गं जावे, सांग गं!”

काकूंना हसू आवरेना. तरी त्यांनी सूर पकडला, पाय सुरू झाले. उजवा उजव्याला, डावा डाव्याला, एक गिरकी आणि परत. इरा चुकत होती, फडतरे अजिबात चुकत नव्हते. प्रयत्न संपले तर सहा महिने थांबावं लागेल हे चौघंही विसरले होते. दोन फेऱ्या, तीन, चार. खोलीची फरशी दणाणत होती. साठी ओलांडलेल्या शुभदाताईंचा श्वास फुलला, उजवा हात हळूहळू खाली पडायला लागला, आणि सातव्या फेरीला दोघींचे हात घसरून एकमेकांवर आदळले.

हिरवा दिवा लागला.

इराने आनंदाने किंकाळी फोडली. फडतऱ्यांनी दोन्ही मुठी वर केल्या. पण त्या दोघी मात्र तशाच उभ्या होत्या, हात हातात अडकलेले.

“वहिनी,” काकू धापा टाकत म्हणाल्या, “तुम्ही हात वर का नेलात? खांदा दुखत होता ना तुमचा? दिसत होतं मला.”

“तू खाली का आणलास?”

“तुमचा खांदा दुखत होता म्हणून! तुम्हाला उचलायला लागू नये म्हणून मीच खाली आणला.”

“अगं, आणि तू वाकायला लागलीस म्हणून मी वर नेला. तुझी कंबर...” शुभदाताईंचं वाक्य पुरं झालं नाही. त्यांनी जावेकडे पाहिलं. “उल्का. तेव्हाही माझा खांदा धरला होता. त्या श्रावणात. वेणी घालता येत नव्हती मला.”

“माहीत होतं की मला. म्हणून तर...”

फडतरे पडद्याजवळ गेले. मूळ ध्वनिमुद्रणाचा निकाल आता आला होता. फळ्यांवरून परतलेला आवाज किती उशिरा पोचला यावरून यंत्राने हातांची उंची काढली होती. फडतऱ्यांनी घसा खाकरला. “पहिल्या सहा टाळ्या जराजरा खाली खाली आल्यात. सातवीला एक हात चार सेंटिमीटर खाली गेला, आणि त्याच वक्ताला दुसरा चार सेंटिमीटर वर. चूक कुणाची म्हणून लिहू, ताई?”

उल्काकाकू रडत होत्या आणि हसतही होत्या. शुभदाताई त्यांच्या पाठीवर हात फिरवत म्हणत होत्या, “वेडी कुठली. बोलायचं नाहीस का गं तेव्हा?” आणि काकू म्हणत होत्या, “तुम्ही विचारलंत कसं पण वहिनी? हात कुठे होता तुझा, असं? तुमच्यासाठीच तर खाली होता तो!” इराला इतका आनंद झाला होता की ती उगाचच खुर्च्या जागेवर नेऊन ठेवायला लागली.

मग संमतीपत्र आलं. नावं, वयं, सह्या. इराने दोघींच्या समोर उभं राहून सगळ्यांदेखत माफी मागितली. काकूंनी तिचा गालगुच्चा घेतला, आईने मात्र, “घरी बघते तुला,” असं सांगितलं. शेवटचा रकाना होता : अटी असल्यास.

“काही अटी?” फडतऱ्यांनी विचारलं. “बरेच लोक नाव द्या म्हणत्यात. कुणी म्हणतं जाहिरातीत नको.”

दोघी एकमेकींच्या कानाशी लागल्या. कुजबुज बराच वेळ चालली, मध्येच वादही झाला असावा, कारण काकूंनी दोनदा नकारार्थी मान हलवली. अखेर शुभदाताई म्हणाल्या, “लिहा. कुणीही वापरावी. लग्नात वापरावी, झुंबात वापरावी, आमची काही हरकत नाही. पण ही टाळी कुणी सरळ करायची नाही.”

“सरळ म्हंजे?”

“अहो, हल्ली यंत्राने घसरलेला ताल नीट करता येतो म्हणे,” काकू म्हणाल्या. “आमची पोर सांगत होती. तसं करायचं नाही. जशी पडली तशीच ठेवायची.”

फडतऱ्यांनी मान डोलावली आणि सुवाच्य अक्षरात लिहिलं : ‘ही टाळी कुणी सरळ करू नये.’ ती अट त्या क्षणापासून त्या आवाजाला चिकटली आणि लिस्बनपासून सोलपर्यंत जो कुणी टाळी क्रमांक सात उघडेल, त्याला पहिल्यांदा तीच दिसणार होती, मराठीत.

“झालं तर मग,” फडतरे यंत्र मिटायला लागले. “नऊ प्रयत्नांत झालं. तीन शिल्लक ऱ्हायले.”

उल्काकाकूंनी पदर खोचला.

“असे कसे शिल्लक ठेवायचे? वहिनी, खांदा ठीक आहे ना? चला. फडतरे भाऊ, तुम्हीही या. इरा, त्या खुर्च्या परत भिंतीला लाव.”